जिद्दीचं कौतुक पुरे, आता तारीख सांगा

पोलीस भरतीची फायनल लिस्ट लागली की आमच्या बीड जिल्ह्यात दोन-चार दिवस नुसता गुलाल असतो. ऊसतोड मजुराचा मुलगा खाकीत, आईच्या कष्टाचं चीज झालं, पत्र्याच्या घरातून थेट पोलीस दलात, अशा हेडिंगच्या बातम्या, चौकात फ्लेक्स, डीजे, आणि एकाच पोराचा फोटो तीन-तीन अकॅडम्यांच्या बोर्डावर (तिघंही म्हणणार आमचाच विद्यार्थी, त्यातल्या एकीत तो नुसता टेस्ट सिरीज सोडवायला गेलेला असतो). ह्या पोरांचा आनंद खरा आहे, त्यांच्या आईच्या डोळ्यातलं पाणी पण खरं आहे, त्याबद्दल कुणी वाकडं बोललं तर मीच भांडेन. माझं भांडण त्या बातमीशी आहे. दरवर्षी तीच बातमी वाचून वाचून आपल्या सगळ्यांच्या डोक्यात पक्कं बसलंय की गरिबीतून वर यायला फक्त जिद्द लागते, म्हणजे ज्याचं झालं नाही त्याच्यात ती कमी होती. हे साफ खोटं आहे आणि ह्या खोट्याचा सगळ्यात जास्त फायदा सरकारला होतो, मग ते कुठल्याही पक्षाचं असो.

मी तालुक्याच्या गावी ऑनलाईन फॉर्म भरायचं दुकान चालवतो. दोन कॉम्प्युटर, एक झेरॉक्स, बाहेर बोर्ड आणि भरतीच्या सीझनला दारात चपलांचा ढीग. त्यामुळं पास झालेले जेवढे बघतो त्याच्या कितीतरी पट बाकीचे बघतो, जे परत येतात, परत फॉर्म भरतात, आणि एक दिवस यायचे बंद होतात. पेपरवाल्यांना पहिले दिसतात, मला दुसरे.

आता आकडे बघा. २०२४ च्या भरतीत राज्यात १७,४७१ जागा होत्या आणि अर्ज आले सतरा लाखांच्या वर. एका पोराने शिपाई, चालक, एसआरपीएफ (राज्य राखीव पोलीस दल) असे दोन-तीन फॉर्म टाकलेले असतात हे धरलं तरी एका जागेमागं पन्नास-साठ पोरं कुठं गेली नाहीत. तलाठी भरतीला २०२३ मध्ये ४,६४४ जागांना दहा लाखांवर अर्ज आले, फी ओपनला हजार आणि राखीवला नऊशे. पोलीसची फी त्या मानानं बरी, ४५० आणि ३५०. पण हिशोब फीचा नाहीच. १७ हजार पोरं वर गेली ही आनंदाची गोष्ट, बाकीची लाखो पोरं जिद्द कमी पडली म्हणून राहिली असं कुणी म्हणत असेल तर त्याने जागा सतरा हजारच होत्या हे विसरू नये. सगळ्या लाखो पोरांनी पाच दहाच्या आत सोळाशे मीटर मारलं असतं तरी लागली असती सतरा हजारच.

पाच दहा म्हणजे काय ते ज्याला माहीत नाही त्याच्यासाठी सांगतो. ग्राउंड म्हणजे मैदानी चाचणी, ती ५० मार्काची. सोळाशे मीटर पाच मिनिटं दहा सेकंदात मारलं तर २० पैकी २०, पुढं वीस सेकंदांपर्यंत जास्त लागले की दोन मार्क गेले. शंभर मीटर साडेअकरा सेकंदात मारलं तर १५, गोळा साडेआठ मीटर गेला तर १५. मग पेपर १०० मार्काचा. आणि मेरिट एकेका मार्कावर अडतं, एका मार्कावर पन्नास पोरं उभी असतात, तिथं मग जन्मतारीख बघून ठरतं कोण आत आणि कोण बाहेर. म्हणजे दोन वर्षं पहाटे चारला उठलेल्या पोराचं नशीब कधी कधी पायाखाली चिखल होता का नव्हता एवढ्यावर फिरतं. २०२४ चं ग्राउंड १९ जूनला सुरू झालं, ऐन पावसाळ्याच्या तोंडावर! ज्याचा नंबर कोरड्या दिवशी आला तो आणि ज्याचा भिजलेल्या मैदानावर आला तो, दोघं एकाच यादीत.

बरं, ह्या पोरांनी पळायचं कुठं? आमच्या भागातल्या किती गावांना पळायला मैदान आहे ते मोजा एकदा. शाळेचं पटांगण म्हणजे सोळाशेला आठ-दहा गरगर चकरा, त्यात अर्ध्यात लग्नाचा मंडप. गायरान होतं ते कुणी ना कुणी खाल्लं. मग पोरं जातात हायवेला, कारण रस्ता सपाट असतो आणि किलोमीटरचे दगड असतात. जानेवारी २०२५ मध्ये बीडजवळ घोडका राजुरीला भल्या पहाटे भरतीची तयारी करणाऱ्या पोरांना एसटीने उडवलं, तिघं जागेवर गेले. दोन दिवस हळहळ झाली, नेते भेटून गेले, आणि आज पण त्याच रस्त्याच्या कडेला, तसल्याच अंधारात पोरं पळतायत. जिद्द पाहिजे तर ती इथं बघा की. पण जिल्हा नियोजनात सभागृहाला, कमानीला, पेव्हर ब्लॉकला पैसे निघतात आणि चारशे मीटरचा मातीचा ट्रॅक आणि चार खांबांवर लाईट एवढं एका महसूल मंडळाच्या गावाला होत नाही, ह्यात पोराच्या जिद्दीचा काय संबंध ते मला कुणीतरी समजावून सांगा.

पण मैदानापेक्षा मोठी गोष्ट आहे वेळ, आणि माझं सगळं म्हणणं तिथं येऊन थांबतं. गरिबाच्या पोराकडं जमीन नसते, ओळख नसते, इंग्रजी नसतं, त्याच्याकडं भांडवल म्हणून एकच चीज असते ती म्हणजे अठरा ते अठ्ठावीस ही वर्षं, आणि आपलं सरकार सगळ्यात बेफिकिरीने तीच उधळतं.

बघा ना, २०१८ ला भरती झाली. पुढची जाहिरात पडली सप्टेंबर २०१९ ला, तिचा पेपर झाला २०२१ मध्ये. मधे कोरोना होता मान्य, पण फॉर्म तर कोरोनाच्या कितीतरी आधी भरून घेतले होते. त्याच्या पुढची जाहिरात नोव्हेंबर २०२२, ग्राउंड जानेवारी २०२३. मग मार्च २०२४ ची, ग्राउंड जूनला. म्हणजे २०१८ ला बावीस वर्षांचा असलेला ओपनचा पोरगा २०२४ ला अठ्ठावीसचा होऊन एजबारच्या, म्हणजे वयाची अट संपायच्या दारात आला आणि त्या सहा वर्षांत त्याला जाहिराती दिसल्या तीन. तीन!! त्यातली एक कोरोनात अडकलेली. ह्याला आपण सहा वर्षं तयारी करत होता म्हणतो, पाव्हणे मंडळी तर सहा वर्षं बसून होता म्हणतात. खरं तर तो थांबून होता, सरकार कधी दार उघडतंय त्याची वाट बघत.

आणि मधल्या मधे नियम पण बदलतात. २०१९ ला ठरलं की आधी लेखी, मग ग्राउंड. पोरांनी ग्राउंड सोडून पुस्तकं धरली, अभ्यासिका लावल्या, गणित-बुद्धिमत्ता घासली. २०२२ ला परत उलटं, आधी ग्राउंड, त्यात ५० टक्के घ्या, मग एका जागेला दहा ह्या हिशोबाने लेखीला बोलावू. दोन्ही पद्धतींच्या बाजूने बोलता येईल, मला त्यात पडायचं नाही. पण घरचं पोट भरलेलं असलं की नियम बदलणं म्हणजे चिडचिड, आणि बाप उचल घेऊन फडावर असला की नियम बदलणं म्हणजे अजून एक वर्ष, आणि एक वर्ष म्हणजे बहिणीचं लग्न पुढं ढकललं किंवा अजून एक उचल घेतली.

उचलीचं सांगतो, कारण पुण्या-मुंबईच्या वाचकाला कदाचित लक्षात येणार नाही. आमच्याकडं दिवाळीच्या आगे-मागे अख्ख्या वाड्या-तांडे रिकामे होतात. मुकादमाकडून आधीच पैसे उचललेले असतात आणि ते फेडायला नवरा-बायकोने पुढचे पाच-सहा महिने कोल्हापूर, सांगली, नाहीतर कर्नाटकात ऊस तोडायचा. त्या जोडीला म्हणायचं एक कोयता. जानेवारी २०२४ ला भाव वाढून टनाला ३६६ रुपये झाला, त्याच्या आधी २७३ होता. दोघं मिळून पहाटेपासून राबले तर दिवसाला दीड-दोन टन, घाला हिशोब. ह्या पैशातून पोराची अकॅडमी, राहून-खाऊन महिन्याला सात-आठ हजार, बूट, अंडी, दूध, पुस्तकं, आणि ग्राउंडला जायचं भाडं. भरती एक वर्ष लांबली की आईबाप अजून एक हंगाम तोडतात. आपण मंत्रालयात बसून फाईल तीन महिने पुढं सरकवली नाही तर कुणाचं काय बिघडतं असं साहेबाला वाटत असेल, बिघडतं ते हे.

फॉर्म भरतानाची एक गोष्ट दर सीझनला माझ्या डोळ्यासमोर होते. पोराचा आधार लिंक असतो बापाच्या मोबाईल नंबरला, कारण आधार काढलं तेव्हा घरात एकच फोन होता. बाप फडावर. ओटीपी जातो तिकडं. पोरगं माझ्या दुकानातून फोन लावतं, बाप उचलत नाही, कारण हातात कोयता आहे आणि फोन झोपडीत चार्जिंगला. दहा मिनिटं गेली, ओटीपी मेला. परत पाठवा. मागं लाईन लागलेली, लोक ओरडतायत. शेवटी बाप फोन घेतो आणि त्याला मेसेज वाचता येत नाही, मग तो शेजारच्या खोपीतल्या कुणाच्या तरी शाळेत जाणाऱ्या पोरीला हाका मारतो, आणि ती एकेक आकडा सावकाश वाचून दाखवते. तेवढ्यात इकडं साईट लॉगआऊट. एवढं सगळं होऊन पेमेंट कटतं आणि स्टेटस पेंडिंग दाखवतं. पोरगं माझ्याकडं बघतं, "भाऊ, गेले का पैसे?" मी काय सांगू, मी पण रिफ्रेश मारत बसतो. ह्या पोराला नंतर कुणीतरी व्यासपीठावरून सांगणार की डिजिटल युगात तरुणांना संधीच संधी आहेत.

त्यात कागदपत्रं. जातीचा दाखला, व्हॅलिडिटी, नॉन क्रिमिलेयर, डोमिसाईल, आणि कधी कुठला चालेल ह्याचा नेम नाही. मराठा पोरांचं तर विचारूच नका. २०१८ ला एसईबीसी म्हणजे मराठ्यांचं वेगळं आरक्षण आलं, मे २०२१ ला सुप्रीम कोर्टाने रद्द केलं, पोरं ईडब्ल्यूएसचे (आर्थिक दुर्बल घटकाचे) दाखले काढायला पळाली, फेब्रुवारी २०२४ ला परत १० टक्क्यांचा कायदा आला, मार्चमध्ये भरतीचे फॉर्म चालू आणि दाखले नवीन काढायचे, सेतूच्या बाहेर ह्या मोठ्या रांगा, शेवटी मुदत १५ एप्रिलपर्यंत वाढवावी लागली. आरक्षण असावं का नसावं, कुणाला असावं ह्यावर आपण रोज भांडतोच, पण ज्या पोराने सहा वर्षांत तीन वेगवेगळ्या कॅटेगरीत फॉर्म भरला त्याला विचारा त्याचं मेरिट नक्की कुठलं.

इथं एक मुद्दा हमखास येतो, आणि तो मांडणारे सगळे काही वाईट लोक नसतात. एवढं कशाला सरकारी नोकरीच्या मागं लागता, धंदा करा, कंपनीत लागा, पोरं आळशी झालीत, मोबाईल बघत बसतात. मोबाईल बघतात हे खरं आहे. काही पोरं अकॅडमीच्या नावाखाली शहरात नुसती वर्षं काढतात हे पण खरं, मला नावानिशी माहितीयत. पण जरा पगार बघा. पोलीस शिपायाचं बेसिक २१,७०० पासून सुरू, भत्ते धरून हातात तीस-पस्तीस हजाराच्या पुढं, दवाखाना, क्वार्टर, आणि गावात मान. त्याच पोराला एमआयडीसीत कंत्राटदाराकडून मिळतात बारा-तेरा हजार, बारा तासाची ड्युटी, पीएफ कापला का भरला देव जाणे, सहा-सात महिन्यांनी ब्रेक. तुम्हीच त्याच्या जागी असता तर कशाच्या मागं लागला असता? सरकारी नोकरीचं वेड आहे म्हणणं सोपं आहे, पण खाजगी काम माणसासारखं करायची जबाबदारी कुणाची हे कुणी बोलत नाही. उलट सप्टेंबर २०२३ मध्ये सरकारनेच जीआर काढला होता की सरकारी कामाला पण नऊ एजन्स्यांमार्फत कंत्राटी माणसं भरायची, पोरं रस्त्यावर उतरली तेव्हा ऑक्टोबरमध्ये तो मागं घेतला.

आणि धंद्याचं म्हणाल तर धंद्याला बुडायची ऐपत लागते. ज्याच्या घरी दहा एकर बागायत आहे त्याचा पहिला धंदा बुडतो, दुसरा पण बुडतो, तिसरा चालतो, मग त्याची मुलाखत येते की अपयशातून शिकलो. ज्याच्या घरी पंधरा गुंठे कोरडवाहू आणि सोसायटीचं थकलेलं कर्ज, त्याचा पहिलाच बुडाला की तो सरळ मुकादमाच्या गाडीत बसतो. बँक मॅनेजरला पण हे माहीत असतं, म्हणून तर योजनेतलं कर्ज मागायला गेलं की तो तारण नाही, कोटेशन नाही, पुढच्या महिन्यात या असं करत करत पोराची चप्पल झिजवतो.

एक आकडा मला फार दिवस डोक्यातून गेला नाही. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या २०२४ च्या भारताबद्दलच्या अहवालात आहे की तरुण पदवीधरांमध्ये बेकारी २९.१ टक्के आणि ज्यांना लिहिता-वाचता येत नाही अशा तरुणांमध्ये ३.४ टक्के. पहिल्यांदा वाचलं तर वाटतं शिक्षणाने वाटोळं केलं. पण न शिकलेल्याला बेकार राहणं परवडतच नाही हो, तो सकाळी नाक्यावर उभा राहतो आणि मिळेल ते करतो. शिकलेल्या पोराने एक पायरी वर बघितलेली असते, तो वाट बघतो, आणि घरचे पोटाला चिमटा घेऊन त्याला वाट बघू देतात. म्हणजे ह्या वाट बघण्याचं बिल आईबाप भरतात. २०१८ च्या ओईसीडीच्या (बहुतेक श्रीमंत देशांची संघटना) अहवालात तर म्हटलंय की भारतात गरीब घराला सरासरी उत्पन्नापर्यंत पोचायला सात पिढ्या लागतात, डेन्मार्कमध्ये दोन. डेन्मार्कची पोरं आमच्या पोरांपेक्षा साडेतीन पट जिद्दी आहेत का? तिथं पहाटे चारला कोण उठत असेल असं मला तरी वाटत नाही.

आपल्याच महाराष्ट्रात ही गोष्ट शंभर वर्षांपूर्वीच्या माणसांना आपल्यापेक्षा जास्त कळलेली होती. शाहू महाराजांनी गरीब पोरांची जिद्द बघून शाल-श्रीफळ दिलं नाही, १९०१ पासून कोल्हापुरात वसतिगृहांना जागा आणि पैसा दिला, आणि १९०२ ला पन्नास टक्के नोकऱ्या राखीव केल्या. ह्या दोन गोष्टी एकाच्या पाठोपाठ एक आहेत हे मला महत्त्वाचं वाटतं, पोरगं शिकेपर्यंत त्याच्या राहण्या-खाण्याची सोय आणि शिकून बाहेर पडलं की त्याला उभं राहायला जागा. कर्मवीर भाऊरावांनी १९१९ ला रयत शिक्षण संस्था काढली ती पण ह्याच विचारावर, गरीब पोरगं कष्ट करायला तयार आहे पण त्याला राहायला छप्पर आणि ताटात भाकरी लागते. आणि बाबासाहेबांसारखी बुद्धी शतकात एखादी, तिला सुद्धा १९१३ ला कोलंबियाला जायला सयाजीरावांची दरमहा साडेअकरा पौंडाची स्कॉलरशिप लागली. साडेअकरा पौंड वेळेवर आले म्हणून पुढचं सगळं घडलं. आपण जयंत्यांना ह्या तिघांच्या जिद्दीवर भाषणं करतो आणि वसतिगृहाच्या, स्कॉलरशिपच्या भागावर गप्प बसतो.

आजच्या योजना नाहीत असं नाही. स्वाधार आहे, पुण्या-मुंबईसारख्या ठिकाणी शिकणाऱ्या अनुसूचित जातीच्या पोराला वर्षाला ६० हजार, त्यातले ३२ हजार जेवणाचे. अनुसूचित जातीच्या पोरांसाठी बार्टी आहे, मराठा पोरांसाठी सारथी आहे, ओबीसी पोरांसाठी महाज्योती आहे. योजना कागदावर चांगल्या आहेत, मी स्वतः फॉर्म भरतो त्यांचे. पण पैसे कधी येतात? जेवण रोज लागतं आणि हप्ता येतो वर्ष संपत आल्यावर, कधी पुढच्या वर्षी. तोपर्यंत मेसवाल्याने उधारीची वही दोनदा बदललेली असते. परत तोच मुद्दा, पैसा दिला पण वेळेवर नाही दिला, म्हणजे ज्याच्याकडं आधीच पैसा आहे तोच त्या योजनेपर्यंत तग धरणार.

वेळेचं हे दुखणं एमपीएससीला पण तेच. मार्च २०२१ मध्ये पूर्वपरीक्षा तीन दिवसांवर असताना पुढं ढकलली, पुण्यात पोरं रस्त्यावर बसली तेव्हा कुठं आठवड्याने घेतली. त्याच वर्षी पुण्याकडच्या एका पोराने पूर्व आणि मुख्य पास होऊन मुलाखतच होत नाही म्हणून जीव दिला. ऑगस्ट २०२४ मध्ये राज्यसेवेची आणि आयबीपीएसच्या बँक भरती परीक्षेची तारीख एकाच दिवशी आली, परत आंदोलन, परत पुढं. पेपरफुटीचं तर काय बोलावं, डिसेंबर २०२१ ला म्हाडाची परीक्षा ज्या दिवशी होती त्याच्या आदल्या मध्यरात्री रद्द झाली, पोरं एसटीने केंद्राच्या गावी पोचलेली, काही स्टँडवर झोपलेली. युपीएससीवाले वर्षभर आधी कॅलेंडर छापतात आणि बहुतेक वेळा ते पाळतात. मग आमच्याच पोरांना जाहिरात कधी पडणार हे युट्यूबवरच्या सरांकडून का कळावं? त्या सरांचे व्ह्यूज वाढतात एवढाच त्याचा उपयोग.

सैन्याचं पण तसंच झालं. आमच्याकडची कितीतरी पोरं आर्मीसाठी पळायची. कोरोनात दोन वर्षं रॅली बंद, आणि जून २०२२ ला एकदम अग्निवीर, चार वर्षांची नोकरी, त्यातले पंचवीस टक्के पुढं कायम. त्या एका वर्षापुरती वयाची अट २३ केली तेव्हा काही पोरं आनंदली पण, काय करणार. वयाची सवलत हे सरकारचं आवडतं औषध आहे. भरती वेळेवर घ्यायची नाही आणि मग एजबार झालेल्यांना एकवेळची सवलत द्यायची आणि त्याची बातमी दिलासा म्हणून छापून आणायची. पोलीसला २०२२ ला दिली, २०२५ च्या १५,६३१ जागांच्या भरतीला पण दिली. घेणाऱ्याने घ्यावीच, मी त्यांचे फॉर्म भरले. पण तिसाव्या वर्षी, गुडघा दुखत असताना, विशीतल्या पोरांबरोबर सोळाशे पळायची परवानगी म्हणजे न्याय असं मी मानणार नाही. नाही म्हणायचं असेल तर बावीस-तेविसाव्या वर्षी म्हणा की, पोरगं तेव्हा आयटीआय करेल, ड्रायव्हिंग शिकेल, कुठंतरी चिकटेल.

सगळ्यांना सरकारी नोकरी कुठून देणार, असं विचारतात. कुणीच सगळ्यांना मागत नाहीये. पोरांना पण कळतं जागा किती आणि आपण किती. मागणी एवढीच आहे की दरवर्षी भरती, ठरलेल्या महिन्यात, जागा कमी असल्या तरी चालतील. तीन वर्षं साठवून एकदम सतरा-अठरा हजार काढण्यापेक्षा वर्षाला पाच-सहा हजार काढा. पोराला कळेल की मला चार चान्स आहेत, चारमध्ये नाही झालं तर आपला रस्ता वेगळा. नियम बदलायचे तर दोन वर्षं आधी सांगून बदला. ग्राउंड पावसाळ्यात घेऊ नका, एवढं कळायला कुठली समिती लागते? आणि बाहेरगावच्या पोरांना झोपायला एखादं मंगल कार्यालय, एखादी शाळा उघडून द्या, जानेवारी २०२३ ला मुंबईत थंडीत फुटपाथवर बॅग उशाला घेऊन झोपलेल्या पोरांचे फोटो अख्ख्या राज्याने बघितले होते. सकाळी त्याच पोरांकडून पाच दहाची अपेक्षा.

अजून एक गोष्ट आहे जी मला ह्या सगळ्यात सगळ्यात सोपी वाटते आणि ती कुणी बोलत पण नाही. समजा एका पोराला ग्राउंडला ५० पैकी ४४ आणि पेपरला ८० पडले आणि दोन मार्काने गेला. सरकारनेच त्याची उंची मोजली, छाती मोजली, पळवला, परीक्षा घेतली, आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या ह्या सगळ्या मार्कांची किंमत शून्य. यादीबाहेर राहिलेल्यांत पहिला आणि हजारावा, दोघं सारखेच. तिकडं युपीएससीत मुलाखतीपर्यंत जाऊन राहिलेल्यांची, त्यांची परवानगी असेल तर, माहिती कंपन्यांना देतात. मग इथं का नको? राज्याचं स्वतःचं सुरक्षा महामंडळ आहे, सरकारी दवाखाने, धरणं, विद्यापीठं, एमआयडीसी सगळ्यांना गार्ड लागतात, होमगार्ड लागतात, आणि कितीतरी ठिकाणी हे गार्ड ठेकेदारामार्फत भरतात, जिथं ठेकेदार आधी डिपॉझिट म्हणून एक पगार खातो. त्या जागा पोलीस भरतीच्या मेरिट लिस्टमधून क्रमाने भरा, रीतसर किमान वेतन द्या, पीएफ द्या, आणि पुढच्या भरतीला त्याच्या नोकरीचे दोन मार्क धरा. पोरगं घरी चार पैसे पाठवेल, आईबापाचा एखादा हंगाम वाचेल, आणि तयारी पण चालू राहील. ह्याला नवीन सर्व्हे नको, पोर्टल नको, अभ्यासगट नको. यादी तयार आहे, प्रत्येक जिल्ह्याच्या पोलिसांच्या वेबसाईटवर पीडीएफ टाकलेली आहे, नाव, कॅटेगरी, ग्राउंडचे मार्क, पेपरचे मार्क सगळ्यासकट. प्रिंट पाहिजे असेल तर मी काढून देतो, दोन रुपये पानाला.